रस्त्यावरून पळालेले अठरा जण

जळगावात जुन्या कापड गल्लीच्या तोंडाशी नासीर बाइंडरचं दुकान आहे. दहा बाय आठची खोली, भिंतीला टेकून लाकडी दाबयंत्र, कोपऱ्यात खळीचं पातेलं. कॉलेजातली पोरंपोरी प्रबंध बांधायला त्याच्याकडेच आणतात, कारण नासीरने बांधलेलं पुस्तक उघडं ठेवलं तर उघडंच राहतं, आपोआप मिटत नाही.

त्याला एक खोड होती. पानं लावता लावता तो ती वाचायचा. शाळा उर्दू, तीही सातवीपर्यंतच. मराठी तो या धंद्यातच शिकला. केळीच्या करपा रोगावरचे तीन प्रबंध बांधल्यावर त्याने सावद्याच्या एका बागाईतदाराला फवारणीबद्दल दोन गोष्टी सांगितल्या होत्या आणि त्या चुकीच्या निघाल्या नव्हत्या. बायको जुबेदा म्हणायची, याला डॉक्टरकी मिळायला फक्त अर्ज करायचा बाकी आहे.

मागच्या वर्षी विधी आली. चार दुकानं पलीकडे कापडाचा व्यापार करणाऱ्या पारसमलशेठची नात. युरोपातली साम्राज्यं कशी उभी राहिली, कशी कोसळली आणि त्याबद्दल निरनिराळे अभ्यासक काय सांगतात, हा तिचा पीएचडीचा विषय. मार्गदर्शकांना दाखवायला कच्चा मसुदा साधा बांधून हवा होता.

नासीर नेहमीप्रमाणे वाचायला लागला आणि अडकला. पहिल्या प्रकरणातला विद्वान म्हणत होता, सगळी करामत जहाजांची आणि तोफांची. दुसऱ्याचं म्हणणं, गिरण्यांना कच्चा माल हवा होता, म्हणून राज्यं गिळली. तिसरा सांगत होता की गोरे होतेच मूठभर, इथल्याच शिपायांनी आणि सावकारांनी त्यांना खांद्यावर घेतलं. जाण्याचीही तीच तऱ्हा. एकाच्या मते महायुद्धाने त्यांचं कंबरडं मोडलं, दुसऱ्याच्या मते लोकांनी हाकललं, तिसऱ्याच्या मते परवडेना म्हणून ते आपण होऊन निघाले.

विधी मसुदा न्यायला आली तेव्हा त्याने तिला स्टुलावर बसवलं आणि विचारलं, यातलं खरं कोणतं?

ती उत्साहाने सांगू लागली. लंडनमधले कागद चाळणाऱ्याला लंडनमध्ये काय ठरलं तेच दिसतं. जो इथले कागद वाचतो त्याला इथला माणूस दिसतो. कागद बदलला की उत्तर बदलतं. त्यामुळे भांडण मिटत नाही, पण प्रत्येक भांडणात काहीतरी नवं हाती लागतं.

"आणि ज्यांनी काही लिहिलंच नाही त्यांचं काय?" नासीरने विचारलं.

विधी म्हणाली, "त्यांचं फार थोडं उरतं, चाचा. तिथेच आमचं सगळ्यांचं घोडं अडतं."

हे बोलणं नासीरच्या डोक्यात घोळत राहिलं. महिन्याभराने कॉलेजच्या ग्रंथालयातून दुरुस्तीला जुन्या पुस्तकांचा गठ्ठा आला. त्यात खानदेशातल्या कापसावरचा एक इंग्रजी सरकारी अहवाल होता. अमेरिकेत यादवी पेटली, तिकडचा कापूस बंद झाला आणि विलायतेच्या गिरण्यांची नजर इकडे वळली, त्या काळातला. हा अहवाल विधीला हवा होता, पण त्याची पाठ सुटल्यामुळे ग्रंथालय तो कुणाच्या हाती देत नव्हतं.

नासीरने पाठीवर पातळ खळ लावली, जुना सरस भिजू दिला आणि बोथट सुरीने हळूहळू सोडवायला घेतलं. आत मजबुतीसाठी जुन्या बाइंडरने रद्दी कागदाच्या पट्ट्या डकवल्या होत्या. असं सगळेच करतात, नासीरही करायचा. पट्टी निघाली की ती केराच्या डब्यात जायची. या वेळी मात्र हात थांबला. पट्टीवर बोरूने लिहिलेल्या वळणदार ओळी होत्या. अक्षर मोडी असावं एवढं त्याला समजलं, वाचता येईना. अशा तीन पट्ट्या निघाल्या. त्याने त्या टीपकागदात ठेवल्या आणि विधीला फोन लावला. तिची वाट पाहताना त्याला एकच रुखरुख लागली होती, की पस्तीस वर्षांत आपण अशा किती फेकून दिल्या असतील.

ग्रंथपालांची परवानगी घेऊन दोघं एसटीने धुळ्याला गेले. भूमी अभिलेख कार्यालयातून निवृत्त झालेले शालिग्राम आबा तिथे राहतात. त्यांची सगळी नोकरी मोडी दस्त वाचण्यात गेली. आबांनी पट्ट्या खिडकीच्या उजेडात धरल्या, चष्मा कपाळावर सरकवला आणि एकेक ओळ बोटाने माग काढत वाचली.

"हाई हजेरी शे, भाऊ," ते अखेर म्हणाले. "सडकना कामवरनी."

कापसाच्या गाड्या रेल्वे स्टेशनापर्यंत जाव्यात म्हणून जी सडक बांधली जात होती, तिच्यावरच्या मजुरांची ती नावं होती. आबा एकेक वाचत गेले आणि विधी उतरवत गेली. पुना, सुकदेव, लाल्या, कुणा महादूची आई. नावापुढे कुठे ‘आला’, कुठे ‘नाही’. दुसऱ्या पट्टीवर एकाखाली एक अठरा नावांपुढे एकच शब्द होता, ‘पळाला’. तिसऱ्या पट्टीवर त्यातल्याच अकरा जणांपुढे ‘परत आला’ असं लिहिलेलं होतं.

परतीच्या बसमध्ये विधी वहीतली नावं पुन्हा तपासत होती. पारोळा मागे पडल्यावर नासीर म्हणाला, "बेटी, अठरा माणसं उठून गेली की सरकारची सडक थांबली. म्हणजे एवढं मोठं राज्य रोज सकाळी कोण कामावर येतं यावर चाललं होतं."

विधीने वही बंद केली. तिच्या तिसऱ्या प्रकरणातल्या विद्वानाने चारशे पानांत जवळपास हेच मांडलं होतं. पण नावं त्याच्यापाशी नव्हती.

तिने प्रबंधाला नऊ पानांचं परिशिष्ट जोडलं. पट्ट्या कशा सापडल्या हे लिहिताना नासीरचं नाव घातलं आणि त्यानेच बांधणी करताना ते वाचलं. जुबेदाला त्याने ते पान तीनदा दाखवलं. तिसऱ्यांदा ती म्हणाली, आता चहा घ्या, तो गार होतोय.

मौखिक परीक्षा खुली होती. नासीर इस्त्रीचा सदरा घालून मागच्या रांगेत बसला. बाहेरून आलेल्या परीक्षक बाईंनी विधीला दीड तास प्रश्न विचारले, मग रिवाजाप्रमाणे सभागृहाकडे वळून कुणाला काही विचारायचंय का म्हणाल्या. कुणी उठलं नाही, तेव्हा नासीर उठला.

"माणसं पळाली, ते समजलं," तो म्हणाला. "अकरा जण परत का आले?"

दोघं-तिघं प्राध्यापक मागे वळून बघू लागले. विधी म्हणाली, याचं उत्तर तिच्या प्रबंधात नाही. परीक्षक बाईंनी पेन खाली ठेवलं. भूक असेल, शिपायांनी धरून आणलं असेल, किंवा पेरणीपुरते घरी गेले असतील आणि त्याला कारकुनाने पळणं म्हटलं असेल, असं त्या सावकाश बोलल्या. मग म्हणाल्या, "हा प्रश्न मी सोबत घेऊन जाते."

विधीला पदवी मिळाली. तीन पट्ट्या ग्रंथालयाने पारदर्शक पाकिटात जपून ठेवल्या आहेत. नासीर आता दर रविवारी सकाळच्या बसने धुळ्याला जातो. शालिग्राम आबा त्याला मोडी शिकवतात. नासीरचं वय एकसष्ट, बोटं खळीने राठ झालेली, बोरू धरला की तिरपा जातो. आबा रागावत नाहीत, हात धरून अक्षर पुन्हा गिरवून घेतात. क, ग आणि र आता त्याला न चुकता ओळखू येतात. पुढच्या रविवारी बाराखडी सुरू व्हायची आहे.