सावंतवहिनींचा चौथा घाणा

वसईकडे, आचोळ्याला, आमच्या मजल्यावर कुणी कढई चढवली की दोन गोष्टी हमखास तयार व्हायच्या. एक पदार्थ आणि एक किस्सा. पदार्थ बिघडायचा, किस्सा मात्र मुरायचा! माझ्याकडे बरणीभर साठलेत. त्यातले हे समोरच्या सावंतवहिनींचे.

नव्वदीचं दशक सरत आलं होतं. दिवाळीला देवगडहून वहिनींच्या सासूबाई येणार होत्या. लग्नाला बारा वर्षं झाली, पण सुनेच्या हातच्या एकाही पदार्थाला त्यांनी 'बरा झालाय' म्हटलेलं नव्हतं. वहिनींनी माझ्या बायकोला, शैलाला, ठणकावून सांगितलं, "यंदा घरी गुलाबजाम! 'बरे झालेत' वदवून घेतलं नाही, तर पुन्हा कढईला हात लावणार नाही!"

मग सराव सुरू झाला.

* * *

पहिल्या वेळी खवा कणकेसारखा दणादणा मळला. एक गुलाबजाम हातातून निसटला, तो थेट गॅलरीतून खाली! पाच मिनिटांत वॉचमन दारात. "वहिनी, पोरांना सांगा, पार्किंगमध्ये सीझन बॉलने खेळू नका. पत्रा चेपलाय!"

* * *

दुसऱ्या वेळी सोडा जास्त. गोळे तेलात फटाफट फुटायला लागले. सावंतभाऊंनी स्कूटरचं हेल्मेट चढवलं आणि झारा हातात घेतला. तेवढ्यात केबलवाला आला.

"साहेब, कुठे निघालात?"

"कुठे नाही रे, गुलाबजाम तळतोय!"

* * *

तिसऱ्या मजल्यावरच्या फिलोमिना आंटी मूळच्या जवळच्याच उमेळे गावच्या. त्या म्हणाल्या, "बाय, खवा धोपटू नको. बाळाचे गाल समज!"

वहिनींनी इतक्या लाडाने मळलं, की गोळे पाकात पडले आणि गायबच झाले. नेमके पाहुणे टपकले. वहिनींनी पाक गाळून ग्लासात दिला. पाहुणे खूश! "सरबत झकास हं! कसलं?"

भाऊ शांतपणे म्हणाले, "खव्याचं."

* * *

चौथा घाणा सासूबाई यायच्या दिवशी सकाळी. पुन्हा दगड! रडवेल्या वहिनींनी पाकासकट डबा शैलाच्या हातात कोंबला. "लपव गं हे! त्यांच्या नजरेला पडायला नकोत."

शैलाला टाकवेनात. तिने पाकात पाणी घालून त्यांना चांगल्या चार उकळ्या काढल्या आणि दिवसभर झाकून ठेवले.

आता आमच्या मजल्याचा नियम असा, की शेजारणीचा डबा रिकामा परत करायचा नाही. संध्याकाळी शैला सासूबाईंना भेटायला निघाली. आमच्या चकल्या व्हायच्या होत्या, लाडू बसले होते. मग तिने तेच गुलाबजाम त्याच डब्यात भरले.

सासूबाईंनी एक खाल्ला. दुसरा खाल्ला. तिसऱ्याला डोळे मिटले.

"बरे झालेत!" मग सुनेकडे वळून, "बघ गो, ह्येका म्हणतत गुलाबजाम! शेजारणीकडसून शिक जरा!"

शैलाने बोलायला तोंड उघडलं. वहिनींनी तिच्या पायावर पाय दिला आणि मान खाली घालून म्हणाल्या,

"होय आई. उद्यापासूनच जाते!"