गुडमन आणि चेडोबाचा कोपरा

मॅट्रिकच्या आदल्या वर्षी वर्गात जुन्या इंग्रजीतला एक उतारा वाचायला होता. त्यात एक म्हातारी बाई आपल्या नवऱ्याला ‘गुडमन’ अशी हाक मारते आणि तो तिच्यावर सारखा खेकसत असतो. वर्ग हसला. एवढ्या खवीस माणसाला ‘चांगला माणूस’ म्हणायचं म्हणजे काय! मला हसू आलं नाही. माझ्या आजोळी, मुरबाडकडच्या गावात, मामी मामाला ‘घरधनी’ म्हणायची, आणि धनी म्हणजे पैसेवाला असा अर्थ तिथं कुणीच घेत नव्हतं. हे सांगावंसं वाटलं, पण मी हात वर केला नाही. मुंबईच्या मिशन शाळेच्या वसतिगृहात मी आजोळाबद्दल फारसं बोलत नसे.

इंग्रजी शिकवणाऱ्या सिस्टरनी समजावून सांगितलं ते मात्र मी नीट ऐकलं. या शब्दातला ‘गुड’ स्वभावाबद्दल बोलत नाही. आपण ‘गावातली चार भली माणसं’ म्हणतो तसला तो भलेपणा. ज्याला घर आहे, चूल आहे, ज्याच्या शब्दावर घरातली माणसं उठतात-बसतात, तो गुडमन. जमीनदार त्याच्या वर, मजूर त्याच्या खाली. त्याच्या बायकोला गुडवाइफ म्हणत. त्याहीपूर्वी, कुळाच्या अगदी पहिल्या पुरुषांना इंग्रज लोक ‘हायफादर’, म्हणजे उंच बाप, म्हणत. पुढे ग्रीकांचा ‘पेट्रिआर्क’ आला, त्यात ‘कुळ’ आणि ‘सत्ता’ असे दोन शब्द जोडलेले आहेत, आणि तो इतका रुजला की घरचे जुने शब्द मागे पडले.

त्या उन्हाळ्यात आजोळी जाताना वडिलांनी मुंबईहून जुना घेऊन दिलेला जाडजूड शब्दकोश मी पिशवीत टाकला. वडील शहापूरला जंगलखात्यात होते. शहापूरहून एसटीने सरळगाव आणि तिथून पुढे पायी. ‘एवढं ओझं कशाला?’ असं आई म्हणाली. खरं कारण असं की पुस्तक उघडं असलं की कुणी फार बोलायला येत नाही.

आजोळी आईचे वडील होते, त्यांना सगळं गाव आबा म्हणत असे. दोन मामा. धाकटा शेती बघायचा, मामी त्याचीच बायको. थोरला कल्याणला कारखान्यात होता, राबाच्या दिवसांत रजा काढून यायचा. आमच्या भागात भाताचं बी टाकण्याआधी जमीन भाजतात. शेण, झाडांच्या तोडलेल्या डहाळ्यांचा टाहाळ, पालापाचोळा, गवत असे थर पसरायचे, वर बारीक माती टाकायची आणि पेटवायचं. हा राब. तो कोणीही पेटवत नाही. घराचा जो कर्ता, त्याच्याच हातात पेटत्या गवताची चूड. एक घर, एक राब, एक चूड. आमच्या घरची चूड आबांच्या हातात, आईच्या लग्नाच्याही आधीपासून.

राबाच्या जागेला लागून एक कोपरा होता. दहा-बारा पावलांचा असेल. त्यात, पायवाटेच्या कडेलाच, शेंदूर लावलेला एक दगड. तो चेडोबाचा, म्हणजे शिवारातल्या राखणदार भुताचा, कोपरा. तिथं नांगर घालायचा नाही, कोयता लावायचा नाही, राब तर नाहीच. आबा त्या बाबतीत फार कडक. एकदा कुणाची तरी म्हैस तिथं शिरली तर त्यांनी मालकाला आणि म्हशीला मिळून अशा शिव्या दिल्या की गावात आठवडाभर त्या म्हशीलाच लोक नमस्कार करायचे.

मी पोचले तेव्हा त्या कोपऱ्यावर टाहाळ पसरलेला होता.

हे दोन्ही मामांनी मिळून केलं होतं. थोरल्याला वाटणी हवी होती. त्याची मुलं मोठी होत होती, धाकट्यालाही रोजची धुसफुस नको होती. दोन घरं झाली की दोन राब लागणार, आणि जागा वाढवायची तर याच बाजूला. आबांना तोंडावर विचारायची हिंमत दोघांतही नव्हती. म्हणून त्यांनी आधी टाहाळ टाकला आणि वादळाची वाट बघत बसले.

वादळ आलंच नाही. आबा रोज सकाळी काठी घेऊन तिथंवर जायचे, दगडासमोर हात जोडायचे, परत यायचे. अवाक्षर नाही.

“मान्य हाय त्यांना,” धाकटा मामा चुलीपाशी येऊन मामीला म्हणाला. “नायतर टाहाळासकट आमाला पेटवलं असतं.”

“आबा बदललं,” थोरला म्हणाला. “वय झालं की मानूस मऊ होतो.”

मामीनं गुपचूप एक नारळ त्या दगडाला वाहिला, एवढं मी पाहिलं.

आबा मऊ झालेले मला तरी दिसत नव्हते. जेवताना मीठ कमी पडलं तर अजूनही घर हादरत होतं. मग एका दुपारी मी त्यांना पाण्याचा तांब्या दिला. म्हणजे त्यांच्या समोर धरून उभी राहिले. आपण आलो हे सांगायची मला कधीच सवय नव्हती. तांब्या त्यांच्या छातीपासून वीतभर लांब होता आणि ते माझ्या खांद्यावरून पलीकडे बघत बसले होते. मला वाटलं, रागावलेत. शेवटी मी म्हटलं, “आबा, पाणी.” त्यांनी लगेच हात पुढे केला, पण तो तांब्याच्या शेजारून गेला आणि मग वळून तांब्यावर आला.

त्यानंतर मी लक्ष ठेवलं. मामी भाकरीचं ताट नेहमी एकाच जागी ठेवायची, ते चुकून सरकलं तर त्यांचा हात जमिनीवर थांबायचा. कुणी ओटीवर आलं की “काय रे, तोंड नाय तुला?” असं ओरडायचे, माणूस बोलेपर्यंत. लोकांना तो त्यांचा ताठा वाटे. सकाळी दगडापाशी जाताना त्यांचा पाय टाहाळाच्या फांदीला लागला, तेव्हा ते बाजूला झाले आणि वाऱ्यानं पडलेली डहाळी असावी तसे पुढे गेले. आबांना दिसत नव्हतं. कोपऱ्यावर काय झालंय हे त्यांना माहीतच नव्हतं, आणि घरातली माणसं त्या न दिसण्यालाच होकार समजत होती.

आता माझी पंचाईत झाली. दोन दिवसांनी राब पेटणार होता. मामांना सांगितलं तर आबांचं आंधळेपण उघडं पडेल, आणि ज्याला दिसत नाही त्याच्या हातात चूड कोण देईल? गप्प राहिलं तर आबा चेडोबाचा कोपरा स्वतःच्या हातानं जाळतील.

त्याच दुपारी आबांनी पडवीतून हाक मारली. “काय गो बाय, त्या जाड पोथीत काय हाय? सारखी पानं वाजतात.”

मी जवळ जाऊन बसले आणि शब्द दाखवला. म्हणजे वाचून दाखवला. “गुडमन, आबा. घराचा कर्ता.”

“मंग मी गुडमन झालो.”

“नवऱ्यालाही म्हणायचे. आणि वाटेवरच्या खाणावळीच्या मालकाला.”

“ते खरं हाय. येईल त्याला घालतो भाकर. फुकट घालतो एवढंच.”

“आणि तुरुंगाच्या रखवालदाराला.”

“हे बराबर!” मामी आतून म्हणाली आणि आबा एवढ्यानं हसले की खोकला लागला. घागर घेऊन ती विहिरीकडे निघाली तरी ते हसतच होते.

ती वळणापलीकडे गेल्यावर मी पुढचा अर्थ वाचला. विलायतेच्या उत्तरेकडे, स्कॉटलंडमध्ये, शेतकरी जमिनीचा एक तुकडा कधीच नांगरत नसत. तो भुताला सोडलेला असे. पण भुताचं नाव घ्यायचं कसं? म्हणून त्यालाही ‘गुडमन’ म्हणत, आणि त्या तुकड्याला गुडमनचं शेत.

“मंग तिकडं बी चेडोबा हाय म्हन!” आबा सरसावून बसले. “साहेब लोक बी भितात. आनि त्याला धनी म्हनतात?”

“हो.”

“शानी मानसं. घरात एक धनी, कोपऱ्यात एक धनी. घरातला माजला की कोपऱ्यातला बघून घेतो.”

मी पुस्तक मिटलं. “आबा, आपल्या चेडोबाच्या कोपऱ्यावर टाहाळ टाकलाय.”

त्यांनी काठी उचलून मांडीवर आडवी घेतली.

“केवढा?”

“सगळ्यावर. दगड तेवढा मोकळा आहे.”

“कवापासून?”

“मी यायच्या आधीपासून. तुम्ही रोज तिथूनच जाता.”

त्यांना दिसत नाही हे मला कळलंय, ते यावरून त्यांना समजलं. मग ते हळू आवाजात म्हणाले, “आनखी कुनाला ठाव हाय?”

“कुणाला नाही.”

“जा, वाच तू,” ते म्हणाले. रागानं की कसं, ते मला कळलं नाही. पुढचे दोन दिवस ते माझ्याशी बोलले नाहीत आणि मी पुस्तक हातात धरून नुसती बसून राहिले.

राब पेटवायच्या सकाळी शेजारची चार-सहा माणसं आली होती. आग पसरू नये म्हणून तशी येतातच. गवताची चूड पेटवून धाकट्या मामानं आबांच्या हातात दिली. आबा पुढे गेले नाहीत. चूड लांब धरून म्हणाले, “चेडोबाच्या जागेत टाहाळ कोनी टाकला?”

दोन्ही मामा एकमेकांकडे बघू लागले. थोरला म्हणाला, “आबा, तुमी रोज बघताव की. कवा काय बोललाव नाय.”

“बघितला असता त बोललो असतो.”

कुणाला काही समजलं नाही.

“दोन वर्सं झाली,” आबा म्हणाले. “आधी उजवा गेला, मंग डावा. आता उजेड तेवढा कळतो.”

शेजारचा म्हातारा न राहवून म्हणाला, “अरं, मंग काल माझ्या बैलाला नावं ठेवलीस ती कशी?”

“तुझा बैल हाय तो. त्याला बघावा लागत नाय.”

एक-दोघं हसले आणि लगेच गप्प झाले, कारण थोरला मामा मटकन बांधावर बसला होता. “सांगितलंव का नाय?” तो म्हणाला. “कल्यानला डोळ्याचा डॉक्टर हाय. माझ्या खोलीपासून चालत जावं इतका जवळ. दोन वर्सं!”

“सांगितला असता त त्याच दिवशी तू कर्ता झाला असतास.”

“मंग झालो असतो! खाल्ला असता काय तुमाला?” त्याचा आवाज फाटला.

चूड जळत आबांच्या हातापर्यंत येत होती. मामीनं पदर सावरला, पुढे होऊन ती त्यांच्या हातातून काढून घेतली आणि मातीत विझवली. सगळ्यांसमोर सुनेनं सासऱ्याच्या हातची चूड घ्यावी हे कधी झालं नव्हतं.

“वाटनी पायजे त तोंडानं मागा,” आबा शेवटी म्हणाले. “देतो. पन माझ्या गप बसन्याला हो समजू नका. आनि हा कोपरा तुमच्या कुनाच्या वाट्याला येनार नाय.”

मामांनी दोघांनी मिळून तो टाहाळ उचलला. शेजारीही लागले. दगडाभोवतीची जागा मोकळी झाली तशी दुसरी चूड पेटवली गेली आणि ती घेऊन धाकटा मामा सवयीनं आबांकडेच गेला. त्यांनी हातानंच चाचपून थोरल्याचा खांदा शोधला. “ह्याला दे.”

इतकी वर्षं कल्याणात काढलेला थोरला मामा चूड घेऊन राबाच्या भलत्याच टोकाला निघाला. आग वाऱ्याला तोंड देत सावकाश सरकायला हवी, तर जमीन नीट भाजते. तिथून पेटवला असता तर राब भडकून गेला असता. आबा तोंड वाऱ्याकडे करून उभे होते, त्यांना ते पावलांच्या आवाजावरून कळलं असणारच. ओठ हलले, पण ते बोलले नाहीत. धाकट्या मामानं भावाला दंडाला धरून वळवलं.

राबाच्या दुसऱ्याच दिवशी थोरला मामा त्यांना कल्याणला घेऊन गेला. एका डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं, दुसऱ्याचं पुढच्या वर्षी. ते कल्याणला असतानाच पाऊस आला, आणि बियाण्याची पहिली मूठ धाकट्या मामानं टाकली. वाटणी दिवाळीनंतर झाली, भांडण न होता.

त्या दिवाळीला मी तिथंच होते. भाताची कापणी उरकत आली होती. जाड काचांचा चष्मा लावून आबा सगळ्या शेतातून हिंडून आले. माझ्याकडे बघून म्हणाले, “तू एवढी काळी झालीस हे कुनी सांगितला नवता मला.” मामी म्हणाली, “डोळं आलं तशी जीभ बी आली बघा.”

ओटीवर धाकटा मामा आबांच्या खाटेवर बसला होता. आबा आलेले बघताच तो दचकून उठला आणि खाट मोकळी केली.

“बस, बस,” ते म्हणाले. “जरा सरक तिकडं.” आणि त्याच्या शेजारी, खाटेच्या पायथ्याकडे, बसले.