हॉल गार करणारा

त्याला प्रत्येक गोष्ट उलट्या हाताने पाहायची सवय होती. पाइप असो, मोटर असो, चहाचा ग्लास असो की तापाने फणफणलेला मी असो, तो हाताची पालथी बाजू टेकवायचा, डोळे मिटायचा आणि निकाल द्यायचा. निकाल बहुतेक वेळा बरोबर असायचा. माझं दुखणं तिथूनच सुरू झालं.

मालाडच्या एका थिएटरात आम्ही दोघं एसी प्लँटवर ऑपरेटर होतो. ऐंशीच्या दशकातली गोष्ट. उपनगरात एसी थिएटर म्हणजे तेव्हा अप्रूप. सिनेमा कुठला हे न विचारता नुसतं गार बसायला येणारे लोकही होते. मी त्याच्या आधी लागलेला, तरी मॅनेजरपासून डोअरकीपरपर्यंत सगळ्यांच्या तोंडी तोच. असा एखादा माणूस तुमच्याही ऑफिसात असेल. ही माणसं वाईट नसतात, हाच त्यांचा मोठा त्रास.

त्याआधी तो दहिसर नाक्याजवळच्या एका गॅरेजात होता. हायवेवरून धापा टाकत आलेल्या ट्रकांचे रेडिएटर शांत करणं हे त्याचं काम, आणि त्या गोष्टी सांगताना त्याची छाती फुगायची. "गार कोण करतो रे? गार करता येतच नाही," तो म्हणायचा. "गरम तेवढं उचलायचं आणि बाहेर फेकायचं. ट्रक नाकाने फेकतो, आपण डोक्यावरून." डोक्यावरून म्हणजे गच्चीवरच्या कूलिंग टॉवरमधून. हॉलमधली उष्णता गॅसमध्ये, गॅसमधून पाण्यात जायची. ते कोमट पाणी गच्चीवर चढवून लाकडी पट्ट्यांवरून झिरपू दिलं, की वरचा पंखा ती उष्णता आभाळात सोडून द्यायचा. हे सगळं मलाही ठाऊक होतं. पण मी सांगायला लागलो की लोक जांभया द्यायचे आणि तो सांगायला लागला की चहा मागवायचे.

इंजिनापेक्षा माणसं अवघड, असंही तो म्हणे. इंजिन तापलं तरी तिकिटाचे पैसे परत मागत नाही.

कँटीनवाला तर त्याच्यावर जीव टाकायचा. त्याचं कारण असं, की हाउसफुल शोला मध्यंतराच्या थोडं आधी हा कॉम्प्रेसर बंद करायचा. लोकांच्या श्वासाने हॉल हळूहळू उबायचा, गळे सुकायचे आणि दिवे लागले की सगळी गर्दी कोल्ड्रिंकवर तुटून पडायची. त्याला समोसा फुकट. मीही एकदा करून पाहिलं. पण त्या दिवशी सिनेमा साफ पडलेला, हॉलमध्ये चार टाळकी. हॉल तापवायला माणसं तर हवीत. कॉम्प्रेसर बंद करूनही थंडी हटेना, आणि मध्यंतरात लोक कुडकुडत चहा मागायला लागले. कँटीनवाल्याने आठवडाभर माझ्याकडे पाहिलं नाही. हा मात्र पोट धरधरून हसला. मग खांद्यावर हात टाकून म्हणाला, "अरे यार, आधी खुर्च्या बघायच्या ना, मग घड्याळ." रागावला असता तर बरं झालं असतं.

आमचा हेड ऑपरेटर रिटायर होणार होता. ती जागा मला हवी होती, अगदी मनापासून. पगारासाठी नव्हे. हॉल चांगला गार झाला, की एकदा तरी कुणी माझं नाव घ्यावं, एवढंच हवं होतं. शेठने त्याला निवडलं. पेढा सगळ्यात आधी त्याने मलाच दिला, आणि मी तो खाल्ला. इतका कडू पेढा मी पुन्हा खाल्लेला नाही.

वर्ष सरलं नाही तोच त्याला गल्फची नोकरी लागली. तिकडे म्हणे अख्ख्या बिल्डिंगी गार ठेवायच्या असतात. त्याची जागा मला मिळाली. थोरल्याचा सदरा धाकट्याला मिळतो तशी. आणि लोक म्हणू लागले, तो होता तेव्हा हॉल काय गार असायचा!

त्याची आई मात्र यायची राहिली नाही. लेकाच्या पासावर दर शुक्रवारी येऊन मागच्या रांगेत बसायची तिची सवय होती. तो गेल्यावर पास मी देऊ लागलो. दृष्टी अधू, पडद्यावरचं तिला फारसं दिसत नसे. ती बसून राहायची, कधी डुलकी काढायची.

एका ऑक्टोबरात उकाडा असा पडला की पंखेसुद्धा गरम वारा मारत होते. शुक्रवारी नवा सिनेमा, हाउसफुल. सकाळी मी स्वतः गच्चीवर चढलो, टॉवरच्या पट्ट्यांवरचं शेवाळ खरवडून काढलं, पाण्याची भोकं मोकळी केली. लोक आत येण्याच्या कितीतरी आधी प्लँट चालू केला. त्या दिवशी मला हॉल असा साधला म्हणून सांगू! शो सुटला तेव्हा बाहेर पडणाऱ्या बायका पदर अंगाभोवती लपेटून घेत होत्या.

मी दाराशी मुद्दाम उभा होतो. त्याची आई शेवटी आली.

"आज बरो गारवो होतो रे," ती म्हणाली. "माझो झील इलो काय?"

"नाही, मावशी, तो नाही आला. खाली प्लँटवर मीच होतो."

"ठावक आसा माका," ती माझा हात चाचपत म्हणाली. "पन आज खाली तोच होतो."

मी तिला पायऱ्या उतरवून रिक्षात बसवलं. इतकी वर्षं जे ऐकायचं होतं ते अखेर कानावर पडलं, आणि तेही त्याच्याच नावावर. रागही येईना. एवढंच वाटलं, की तो समुद्रापलीकडे आहे म्हणून त्याची वाट पाहत कुणीतरी मागच्या रांगेत बसतं. मी रोज इथेच असतो. माझी वाट कोण पाहणार? त्याचा हेवा मला आजही वाटतो.