वाटाड्याला मारलेली हाक

रविवारी दुपारी पाम गावातल्या आमच्या घरात एक नदी वाहायची. चटईवर कागद, फासे आणि आम्ही चौघं. खेळातल्या गोष्टीची ही नदी मी सांगायचो, बाकीचे एकेक पात्र होऊन तिच्यात उतरायचे. बहीण तलवारबाज, घिवलीच्या मच्छीमार घरातली मैत्रीण वैद्यीण, आणि जव्हारकडचा मित्र वाटाड्या. बोईसरच्या कंपनीत दिवसभर तोंड न उघडणारा हा गडी वाटाड्या झाला की आम्हा सगळ्यांना दटावायचा. पंखा संथ फिरायचा आणि समोरची भिंत कधी विरघळली ते कळायचंही नाही.

दिवाळीनंतर तो न सांगता आईवडिलांबरोबर वीटभट्टीवर गेला. फोन बंद. तीन रविवार वाट पाहिली आणि माझं डोकं फिरलं. मी तापट आहे, मान्य. चौथ्या रविवारी मी खेळातल्या त्याच्या वाटाड्याला पुरात ढकललं आणि जाहीर केलं, "बुडाला. संपला."

मैत्रिणीने फासे खाली ठेवले. "बुडाला नको बोलू. दर्यात गेलेल्याचं मढं दिसत नाय तवर आमच्यात तसं बोलत नाय. आला नाय, एवढंच बोल."

"अगं, खेळ आहे हा!"

"मंग खेळातच सांगते. मी काठावर थांबते, त्याला हाक मारते."

आणि ती थांबलीच. बहीण डोंगर ओलांडून गेली, तिने राक्षस मारले, तिची ताकद कागदावर मावेना. वैद्यीण होती तिथेच. आपली पाळी आली की मैत्रीण डोळे मिटून हाक मारायची, फासा टाकायची. फासा काहीही पडो, मी नकारार्थी मान हलवायचो. मेलेला परत येत नाही, नियम म्हणजे नियम. पण त्या हाकेनंतर मलाही कुठेतरी खाडीचं पाणी हलल्यासारखं वाटायचं. मला माझीच लाज वाटू लागली होती, पण बोलून कोण दाखवणार?

शिमगा गेला, कैऱ्या धरल्या. एका रविवारी तो दारात उभा राहिला. रापलेला, हातांना भेगा पडलेल्या. आत पाऊल टाकेना.

"माजी जागा हाय का अजून?"

बहीण चटईवर सरकली. तो अवघडून बसला, कागदांकडे बघत राहिला.

"माजा वाटाड्या कुठं हाय?"

मी मैत्रिणीकडे पाहिलं. तिने डोळे मिटले आणि दर रविवारसारखी हाक मारली, "वाटाड्याऽऽ!"

तो गोंधळला. मग हळूच म्हणाला, "ओ."