सुनंदाचा केसपेपर

"नाव काय लिहू?" मी पेन उघडून विचारलं.

टेबलावरची बाई काही बोलली नाही. कळा पाच-पाच मिनिटांनी येत होत्या, पण गप्प राहण्याचं कारण ते नव्हतं. उत्तर तिच्या सासूनं दिलं. "मंगल लिवा. मंगल नामदेव."

टेबलावर मंगल नव्हती. तिची धाकटी जाऊ सुनंदा होती. सुनंदाच्या आधीच्या दोन्ही मुली माझ्याच हातावर झालेल्या. तिच्या पोटरीवरचा भाजल्याचा डागसुद्धा माझ्या ओळखीचा. तरी मी लिहिलं, मंगल. माझं अक्षर चांगलं होतं आणि त्याचा मला भारी गर्व होता. त्या दिवशी मी नावाखाली रेघही ओढली.

मी सरकारी आरोग्य केंद्रात नर्स होते. केंद्र ओतूरच्या बाजूला. गावाचं नाव सांगत नाही, माणसं अजून हिंडती-फिरती आहेत. सुनंदाचा नवरा भास्कर तेव्हा जिल्हा परिषदेचा सदस्य होता. वय चौतीस. त्याच सुमाराला एक नियम लागू झाला होता. ग्रामपंचायत असो की जिल्हा परिषद, तिथं बसायचं तर दोनच मुलं. ठरलेल्या तारखेनंतर तिसरं झालं की खुर्ची गेली. भास्करला दोन मुली होत्या आणि ही तिसरी खेप होती.

आता माझं सांगते. भास्कर चोवीस-पंचविसाव्या वर्षी सरपंच झाला, तेव्हा आमच्या लेबर रूममध्ये, म्हणजे बाळंतिणीच्या खोलीत, नळ नव्हता. शिपाई हापशावरून बादल्या आणायचा. या पोरानं तीन महिन्यांत पाइप टाकून घेतला. प्लंबरबरोबर स्वतः आला, पँट गुडघ्यापर्यंत दुमडून. "सिस्टर, सोडा नळ," म्हणाला. मी नळ सोडला आणि त्या दिवसापासून त्याची भक्त झाले. दोन पोरांची आई, सरकारी नोकर, आणि याच्या सभेला पहिल्या रांगेत. आमचे हे म्हणायचे, "बिल्ला तेवढा लावायचा राहिलाय." हा पोरगा दिल्लीला जाणार, असं मी येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगायची. गोवराची लस टोचतानासुद्धा सांगायची. पोर रडत असायचं, आई पोराकडे बघत असायची, मी दिल्लीचं सांगत असायची.

शिवाय दोन मुलांवर थांबा, हे गावोगाव सांगणं माझं कामच होतं. ऑपरेशनच्या केसेस आणायचं आम्हाला टार्गेट असे. त्या वर्षीच्या शिबिराचं उद्घाटन भास्करनंच केलं. दोन मुलांवर इतका सुरेख बोलला की मी टाळ्या वाजवून हात लाल केले. सुनंदाला तेव्हा चौथा महिना होता, हे मला मागाहून कळलं. पाचव्यात तिला माहेरी, महाळुंगे पडवळला नेऊन ठेवली. मंगलला घराबाहेर पडायचं नाही असं सांगितलं. गावाला कळलं नाही असं नाही. पण गावाला कळणं वेगळं आणि कुणी लिहून देणं वेगळं.

बाळंतपणाच्या आदल्या आठवड्यात भास्कर केंद्रावर आला. खुर्ची ओढून समोर बसला.

"सिस्टर, आईला नातू पायजे. तिच्यापुढं माझं चालंना. कागदावर तेवढं मंगलवहिनीचं नाव टाका. त्यांना एकच हाय. घरातलं लेकरू घरातच राहील."

"आणि डॉक्टर?"

"डॉक्टर सही करत्यात. बाळंतपण तुमी करता." मग हसून म्हणाला, "तुमीच म्हणता ना दिल्लीला जायाचं म्हणून? एका कागदापायी अडवता व्हय?"

त्यानं मला धमकी दिली असती तर आज ही गोष्ट सांगायला सोपी गेली असती. दिली नाही. त्यानं माझंच वाक्य मला परत दिलं आणि मी विरघळले.

तर तो दिवस. डॉक्टर मीटिंगला गेलेले. दुपारी बाराच्या सुमाराला मूल खाली आलं आणि सवयीनं माझ्या तोंडून गेलं, "सुनंदा, जोर लाव."

सासू कानाशी आली. "मंगल म्हना, बाई. भायेर मान्सं हाईत."

"मंगल, जोर लाव," मी म्हणाले.

सुनंदानं माझं मनगट धरलं. कळेत बाईच्या हाताला किती ताकद असते ते आम्हाला माहीत असतं, तरी मी दचकले. ती म्हणाली, "बाई, कागदावर काय बी लिवा. मला सुनंदाच म्हना."

मी सासूकडे बघितलं. मग म्हणाले, "मंगल, श्वास घे."

मुलगी झाली. सासू न बघताच बाहेर गेली. बाळाच्या मनगटाला आम्ही चिकटपट्टी लावायचो, अदलाबदल होऊ नये म्हणून, आणि तिच्यावर आईचं नाव लिहायचो. मी पट्टी कापली, मंगल असं लिहिलं आणि बाळ सुनंदाच्या कुशीत दिलं. तिनं पट्टी वाचली. ती सातवी शिकलेली होती.

चार महिन्यांनी कुणीतरी कलेक्टरांकडे तक्रार केली. जबाबासाठी मला पुण्याला बोलावलं. साहेबांनी रजिस्टर पुढं ओढलं.

"नाव तुम्ही बाईलाच विचारलंत?"

"हो."

"तिनं स्वतः सांगितलं?"

"हो."

"रजिस्टर फार स्वच्छ ठेवलंय तुम्ही," साहेब म्हणाले. तक्रार निकाली निघाली. परतताना मी आळेफाट्याला एसटीतून उतरून भजी खाल्ली. जिलबीही बांधून घेतली. देशाचं काही काम केल्यासारखं वाटत होतं.

पुढं भास्कर आमदार झाला आणि काही वर्षांनी खरोखरच दिल्लीला गेला. पेढे मीसुद्धा वाटले. आमदार-खासदाराला दोन मुलांचा नियम नाही, हे मला तोवर माहीत नव्हतं. तो फक्त खालच्यांना आहे.

सुनंदाला मात्र माहीत होतं. दिल्लीच्या निकालानंतर पंधरा दिवसांत ती मुलीला घेऊन केंद्रावर आली. पोर सहा वर्षांची, शाळेत मंगलचीच म्हणून घातलेली. मंगलनं तिला जीव लावला होता, तिला बोल लावायचा नाही.

"बाई, आता ह्यांना नियम न्हाई," सुनंदा म्हणाली. "आता माझं नाव लावा."

दुरुस्ती होते. पण त्याला आईबापांचा अर्ज लागतो, आणि नोंद चुकीची केली असं मी लेखी द्यावं लागतं. मी तिला म्हणाले, भास्करभाऊंना विचारते. बघा, तेव्हाही मी आधी त्यालाच विचारायला गेले.

बंगल्यावर हारांचा ढीग होता. भास्करनं मला बाजूच्या खोलीत नेलं, चहा मागवला.

"सिस्टर, आता नाव बदललं म्हणजे तवा खोटं व्हतं असं व्हईल. मग तुमी पुण्यात काय जबाब दिला, ते बी निघंल. माझं काय, मी दिल्लीत. मी तुमच्यासाठी म्हणतोय."

निवृत्तीला माझी तीन वर्षं राहिली होती. मी चहा प्यायले, कपबशी सरळ ठेवली आणि आले.

सुनंदा केंद्राच्या पायरीवर बसलेली होती. मी म्हटलं, "होत नाही गं."

ती भांडली नाही. एवढंच म्हणाली, "त्या दिशी तरी तुमी कुठं मला सुनंदा म्हणलात."

तेवढ्यात मुलगी नळावर पाणी पिऊन आली. त्याच नळावर. तिचा पदर ओढून म्हणाली, "काकी, चल ना, एसटी जाईल."

दिल्लीत खासदारांच्या माहितीचं पुस्तक निघतं. त्यात भास्करच्या नावापुढं छापलं होतं: अपत्ये, दोन मुली. ते मला त्याच्याच माणसानं कौतुकानं दाखवलं.

निवृत्त होईपर्यंत मी प्रत्येक बाईला नाव दोनदा विचारायची. बरोबर आलेलं कुणी मध्ये बोललं तर बाहेर काढायची. नर्सबाईंना ऐकू कमी येतं, असं गावात झालं. होऊ दे म्हटलं. नाव पेशंटच्या तोंडून ऐकून लिहायचं, हे ट्रेनिंगच्या पहिल्या आठवड्यातच शिकवतात. परीक्षेत त्यावर एक मार्काचा प्रश्न होता. तो मार्क मला मिळाला होता.