माझ्या आईचं नाव सुपडी

माझ्या आईला आम्ही परक्या नावाने जाळलं.

हो, जाळलं. गोड शब्द आज मला सुचत नाहीयेत.

म्हसावदच्या चौकात बॅनर लागलाय. "कै. सौ. शोभाताई." मधे आईचा फोटो आणि भोवती शोकाकुल पुढाऱ्यांचे तिच्याहून मोठे फोटो. त्यातल्या एकानेही तिच्या हातचा चहासुद्धा कधी प्यायला नसेल.

शोभा कोण?

माझ्या आईचं नाव सुपडी.

हसलात ना? हसून घ्या. झालं की पुढे वाचा.

आईच्या आधीची भावंडं जगत नव्हती. एक पाळण्यातच गेलं, एक जरा बोलायला लागलं आणि गेलं. म्हणून ही जन्मली तेव्हा आजीने तिला सुपड्यात टाकलं. धान्य पाखडतो ना, त्या सुपड्यात. आणि शेजारणीच्या ओट्यावर नेऊन ठेवलं.

"तुन्ही पोर शे, मन्ही नई."

मग पसाभर ज्वारी देऊन तीच पोर परत घेतली. मरणाला वाटावं, हे कुणाचं तरी टाकलेलं, याला काय न्यायचं!

आणि आई जगली. तिच्या पाठचा मामाही जगला.

खानदेशात गल्लोगल्ली सापडतील असे सुपडू, भिका, दगडू, उखर्डू. तुम्हाला ती गावंढळ नावं वाटतात. पोर जगावं म्हणून आयांनी केलेला आटापिटा आहे तो.

माझी एक मैत्रीण धडगावची. तिच्या आजीचं नाव बुधी, कारण ती बुधवारी जन्मली. ऑफिसातले गावित सर नवापूरकडचे. त्यांचं नाव दाविद, आजोबांनी बायबल उघडून ठेवलेलं. आमच्यासमोरचे मारवाडी काका, त्यांचं आडनाव म्हणजे राजस्थानातलं त्यांचं मूळ गाव. पिढ्या झाल्या, गाव कुणी बघितलं नाही, पण आडनाव सोडलं नाही.

प्रत्येक नावामागे कुणीतरी उभं आहे.

शोभाच्या मागे कोण आहे? पप्पांना विचारलं एकदा. शोभाच का?

"मन्ही बहीनले आवडे."

बस्स. विषय संपला.

लग्नात ताटात तांदूळ पसरले, अंगठीने "शोभा" लिहिलं, पेढे वाटले. शिकलेल्या पोराची बायको सुपडी कशी चालेल! इतक्या मरणांतून आजीने ओढून आणलेलं नाव आत्याच्या आवडीखातर एका मिनिटात पुसलं.

सुरुवातीला आईला कळायचंच नाही, हाक कोणाला मारताहेत.

"शोभा, पानी आन!"

आई आपली खाली मान घालून भाकरी थापतेय. मग माझी आजी, म्हणजे तिची सासू, तिच्यावर खेकसायची. "बहिरी शे का वं?"

गल्लीत बोभाटा झाला, नवी सून बहिरी आहे म्हणून. आईने मला हे हसत हसत सांगितलं होतं. मला तेव्हाही हसू आलं नव्हतं.

आई गेली त्या दिवशी खांडबाऱ्याहून मामा आला. माहेरची हिरवी साडी घेऊन. दारातच बसला मटकन.

"सुपडे! ओ सुपडे! मी उनू व माय, ऊठ ना!"

अंगणातलं रडणं थांबलं. सगळे एकमेकांच्या तोंडाकडे बघायला लागले. आणि माझी मुलगी, जिला आईने अंगाखांद्यावर वाढवलं, ती मला हळूच विचारते,

"मम्मी, सुपडी कोण?"

तिथे माझं डोकं फिरलं, ते अजून ठिकाणावर आलेलं नाही.

सख्ख्या काकांना म्हटलं, निदान बॅनरवर तरी खरं नाव टाका.

"छपी गया आते. आन् सुपडी लिखं ते लोके हासतीन."

लोके! ज्यांच्या लग्नांत आई खापरापुढे घामाघूम होऊन मांडे भाजायची, ते लोके!

पप्पा उठून आत गेले. नेहमीसारखे.

आज दहावा होता. नदीवर भटजींनी नाव विचारलं. माझा भाऊ म्हणाला, "शोभा."

मी मागून ओरडले, "सुपडी!"

बायकांनी माझा दंड ओढला. काका म्हणाले, "तमाशा नको करू."

केला. चांगला चारचौघांत केला. म्हटलं, "पाणी आईला पोचवायचंय ना? का आत्याच्या आवडीला?"

भटजी बिचारे म्हणाले, "काय ते एकदा ठरवा, ऊन चढतंय."

मामा मागे टॉवेलने तोंड झाकून उभा होता. तो काय बोलणार? बहिणीच्या सासरी उभा होता ना.

पिंडाला कावळा शिवला. त्याला भूक लागली होती, त्याने नाव विचारलं नाही. त्यावरून चमत्काराच्या कॉमेंट नकोत.

मग पाणी सोडायला एकेक जण पुढे आला. शेवटी पप्पा. ओंजळीत तीळ आणि पाणी. भटजी म्हणाले, नाव घ्या. पप्पांनी मागे वळून मामाकडे पाहिलं. भटजी परत म्हणाले, नाव घ्या.

"सुपडी," पप्पा म्हणाले.

सगळ्यांना ऐकू जाईल असं. आणि मामाच्या गळ्यात पडून रडले.

काकू मला म्हणतात, "झालं ना आते तुन्हं समाधान?"

नाही झालं.

अख्ख्या संसारात नवऱ्याने पहिल्यांदा तिला तिच्या नावाने हाक मारली, आणि "ओ" द्यायला ती नव्हती. उशीर केलात, पप्पा. फार उशीर केलात.

"शोभामावशींना श्रद्धांजली" अशी कॉमेंट दिसली तर डिलीट करीन. करणारा ओळखीचा असो नाहीतर नात्यातला.

सुपडे, माय माझी, नीट जा.