बादली आणि बूट

सॉफ्टबॉल खेळणाऱ्या मुलीचा बाप ओक्लाहोमात ओळखायचा असेल तर त्याच्या नडग्या बघाव्यात. निळ्याकाळ्या असतात. बाप बादली पालथी घालून तिच्यावर बसतो, मुलगी खालून हात फिरवून चेंडू फेकते, आणि जो ग्लोव्हमध्ये येत नाही तो नडगीवर येतो. वेंडेल टॅकेट मुलगी शेल्बी लहान असल्यापासून असाच बसत आला होता. धान्याच्या कोठारावरून संध्याकाळी यायचा आणि अंगावरचा भुसा न झटकताच बादली उचलायचा.

त्या बादलीच्या जोरावर शेल्बी शिष्यवृत्ती घेऊन कॉलेजात गेली. शेवटच्या वर्षी संघाला राष्ट्रीय स्पर्धेपर्यंत नेलं आणि तिथे हरली. या खेळातल्या मुली कायमचा निरोप घेताना बूट काढून होम प्लेटवर, म्हणजे बॅटवाली उभी राहते तिथल्या पांढऱ्या पाटीवर, ठेवतात आणि नुसत्या मोज्यांवर मैदानाबाहेर जातात. त्या दिवशी तिच्या मैत्रिणी रडत रडत बूट ठेवत होत्या. शेल्बीने नाडी आणखी घट्ट आवळली. तिला व्यावसायिक संघाने बोलावलं होतं.

व्यावसायिक म्हटलं की लोकांच्या डोळ्यांपुढे भलतंच काही येतं. प्रत्यक्षात उन्हाळाभर बसने हिंडायचं, परक्यांच्या घरी पाहुण्यासारखं राहायचं आणि हिवाळ्यात पोटासाठी लहान मुलींच्या शिकवण्या घ्यायच्या. तरी तिने ते जीव ओतून केलं. ऐन वेळी खाली बुडणारा तिचा चेंडू भल्याभल्यांना चकवायचा. मग खांदा गेला. केस विंचरायलासुद्धा हात वर होईना. एका शाळेत कोचची नोकरी चालून आली होती, आणि खरं सांगायचं तर तिला ती हवी होती.

अडचण एकच, बाप. आई गेल्यापासून ती सुट्टीला घरी आली की हा बादली घेऊन दारात उभा. ती बादली काढून घेतली तर हा माणूस सकाळी उठणार कशासाठी? इथे आलं की तिची जीभ अडायची. शेवटी तिने ठरवलं, बोलायचंच नाही. मोसमाच्या शेवटच्या सामन्याला तो येईल, तेव्हा बूट ठेवायचे. हा भ्याडपणा होता, आणि तिलाही तो कळत होता.

त्या सामन्यात संघ आरामात पुढे असताना कोच रेनफ्रोबाईंनी तिला बाहेर बसवलं. झालं आपलं काम, असं समजून शेल्बीने डगआउटमध्ये, मैदानाकडेच्या खेळाडूंच्या बाकावर, बूट काढले आणि सूर्यफुलाच्या बिया सोलत बसली. तेवढ्यात समोरच्यांनी धडाधड धावा केल्या. सुरुवातीपासून खेळलेल्या खेळाडूला एकदा परत आणता येतं, हे पोरासोरांनाही ठाऊक असतं. ही मात्र मनाने केव्हाच घरी पोचली होती.

"टॅकेट! ऊठ!" रेनफ्रोबाई ओरडल्या. "आणि हे काय, मोजे? सामना संपायच्या आधीच निरोप समारंभ? नाडी बांध आधी. रडायचं ते नंतर रड."

कुंपणापलीकडे वेंडेल बादलीवर बसला होता. त्याच्यासोबत आलेली शेजारीण अर्लीन त्याच्या कानाशी लागून काहीतरी सांगत होती. शेल्बीने पाहिलं, त्याची मान खाली गेली. म्हणजे कळलं त्याला.

खांदा ठणकत असताना तिने उरलेल्या बॅटवाल्या बाद केल्या. सामना जिंकला. मग तिने होम प्लेटवर बूट ठेवले. कुंपणाकडे बघायची तिची हिंमत होईना.

बाप स्वतःच आला. एका हातात बादली, बगलेत ग्लोव्ह, दुसरा हात अर्लीनच्या हातात. त्याने प्लेटमागे बादली पालथी घातली आणि बसला.

"एक टाक."

"डॅडी, मी बूट ठेवलेत."

"सांगितलं अर्लीनने. टाक. कुठे टाकतेस?"

"बाहेरच्या कोपऱ्यात. खाली."

त्याने तिथे ग्लोव्ह धरला. फेकीच्या जागी जाऊन तिने सामन्याचाच चेंडू अलगद टाकला.

"लाड पुरे. नीट टाक."

तिने सगळा जोर लावला. खांद्यातून कळ गेली. चेंडू थाडकन ग्लोव्हमध्ये बसला.

"दिसला नाही," वेंडेल म्हणाला.

"काय?"

"चेंडू. दोन वर्षं झाली. डोळ्यांसमोर मधोमध धुकंच असतं."

"त्याला एकट्याला गाडी चालवू देते की काय मी," अर्लीन पुटपुटली.

शेल्बी मोज्यांवरच त्याच्यापाशी आली. "मग पकडत कसा होतास?"

"टाकायच्या आधी तू जागा सांगायचीस. मी तिथे ग्लोव्ह धरायचो. चेंडू यायचा."

"आणि नाही यायचा तेव्हा?"

वेंडेलने पायांवरून हात फिरवला. बसताना पँट वर सरकली होती, आणि नडग्या तिच्या लहानपणी होत्या त्याहून काळ्या दिसत होत्या. शेल्बीला भडभडून आलं. "अरे, मग बोलला का नाहीस?"

"मी उठलो असतो तर तू टाकणार कुणाला?" वेंडेल म्हणाला. "तुझी आईपण नाही. म्हटलं, पोरीला तेवढाच आधार."

मग त्याने प्लेटवर हाताने चाचपून तिचे बूट शोधले आणि ग्लोव्ह काढून त्यांच्या शेजारी ठेवला. बादली शेल्बीने उचलली.